गिरणगावातील सोबती

दिंडीत माऊली म्हणून एकमेकांच्या पाया पडताना वय, मान, जात पाहायची नाही, ही आपली रीत. ही रीत घेऊनच कोकणातील आणि घाटावरील पुष्कळ माळकरी मुंबईच्या गिरण्यांत गेले.

१८५६ साली कावसजी दावर यांची कापड गिरणी सुरू झाली. पुढे लालबाग, परळ, वरळी भागांत चाळी उभ्या राहिल्या. एका गावची दहा-पंधरा माणसे एका खोलीत राहत. प्रत्येकाची एक ट्रंक आणि एक वळकटी. दिवसपाळीचा कामावर गेला की रातपाळीचा त्याच जागेवर पाठ टेकी. जेवण खानावळीत. नव्याला काम लागेपर्यंत जुने त्याचे पैसे भरत. एखादा आजारी पडला तर सोबती त्याला गावी पोहोचवून येत. १८९० साली नारायण मेघाजी लोखंडे यांच्या खटपटीने रविवारची सुट्टी मिळाली. वर्गणी काढून पखवाज, टाळ घेतले जात आणि एकादशीला चाळीत भजन रंगे.

सख्यभक्तीचा हा संसारच होता. पण त्याला एक दार बंद होते. विणकाम खात्यात पगार अधिक. तेथे धोट्यातील धागा तोंडाने ओढून घ्यावा लागे. विटाळाच्या भयाने अस्पृश्य मानलेल्या कामगारांना त्या खात्यात घेत नसत आणि घेऊ नये असा हट्ट सोबतच्या कामगारांचाच असे. १९२८ च्या मोठ्या संपात डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी हा प्रश्न संपाच्या पुढाऱ्यांपुढे रोखठोक मांडला.

येथे चोखोबांची आठवण होते. मंगळवेढ्याला गावकुसाचे काम करताना ते कोसळले आणि चोखोबा त्याखाली गेले. शिंप्याच्या घरचे नामदेवराय तेथे गेले, ढिगाऱ्यातून सख्याच्या अस्थी शोधल्या आणि महाद्वारी समाधी दिली. विटाळ त्यांच्या मनाला शिवला नाही.

ज्याच्याशी आपले जमते त्याच्याशी मैत्री सारेच करतात. खोली वाटून घेणे सोपे नव्हते, तेही त्या कष्टकऱ्यांनी केले. धागा वाटून घेणे मात्र राहिले. म्हणून पाया पडताना जी समता आपण दाखवतो, ती कामाच्या जागी, पंगतीत आणि पाण्याच्या घागरीपाशी टिकते का, हे ज्याने त्याने पाहावे. तेथे टिकली, तरच वारी घरी पोहोचली.

रामकृष्ण हरी.