व्यत्यय

मुंबई दूरदर्शनची 'व्यत्यय'ची पाटी आठवते ना? शनिवारचा मराठी सिनेमा ऐन रंगात आला की हमखास यायची. आमच्याकडे जमलेली अर्धी चाळ मग त्या डब्याकडेच बघत बसायची. कुणी त्याला थोपटायचं, कुणी अँटेना फिरवायला धावायचं.

पण मुद्दाम व्यत्यय आणणारा एक अवलिया इथे ब्रिटनमध्ये होऊन गेला, हे मला फार उशिरा कळलं. त्याचं नाव डेव्हिड हॉल. १९७१ च्या ऑगस्टमध्ये, एडिंबरा महोत्सवाच्या काळात, स्कॉटिश टेलिव्हिजनने त्याच्या दहा छोट्या फिल्म्स नेहमीच्या कार्यक्रमांच्या मध्येच दाखवल्या. निवेदन नाही, कलाकाराचं नाव नाही. मुंबईत टीव्ही यायला तेव्हा अजून वर्ष होतं. एका फिल्ममध्ये रिकाम्या पडद्यावर एक नळ येतो, पाणी सुटतं आणि टीव्ही माशांच्या पेटीसारखा भरत जातो! दुसरीत उघड्या माळावर टीव्हीच जळत असतो. टीव्हीत काय चाललंय ते सोडून लोकांनी त्या डब्याकडे बघावं, हा त्याचा हेतू.

१९७६ मध्ये बीबीसी टूवर त्याने रिचर्ड बेकर या प्रसिद्ध वृत्तनिवेदकाला टीव्ही म्हणजे काय ते सांगायला बसवलं. तेच चित्रण पडद्यावरून पुन्हा पुन्हा टिपलं. शेवटी ओळखीचा चेहरा आणि आवाज दोन्ही विरघळून गेले.

२०१२ च्या मार्चमध्ये मी लंडनच्या 'अंबिका पी-थ्री' दालनात गेलो. लॉर्ड स्वराज पॉल यांच्या दिवंगत लेकीचं नाव त्याला दिलेलं आहे. तिथे हॉलने १००१ जुने टीव्ही एकत्र लावले होते. कान किटतील असा गोंगाट! एप्रिलमध्ये लंडनचं जुनं ॲनालॉग प्रक्षेपण टप्प्याटप्प्याने बंद झालं आणि १८ तारखेनंतर सगळ्या संचांवर नुसत्या मुंग्या उरल्या. २०१४ मध्ये हॉलही गेला.

आता व्यत्यय येतो तो दर रविवारी, ठाण्याला आईशी व्हिडिओवर बोलताना. चित्र अडकतं. आई तोंड अर्धवट उघडं ठेवून थिजते. एरवी मी बोलता बोलता ईमेल चाळत असतो. तेवढा अर्धा मिनिट मात्र नीट बघतो. केस किती विरळ झालेत. चष्म्याची काडी दोऱ्याने बांधली आहे. मागे बाबांच्या तसबिरीला नवा हार आहे.

"दिसतेय का रे मी?" आवाज परत येतो.

"दिसतेस गं," मी म्हणतो. आणि ईमेल बंद करतो.