बेंजामिन, सियोना

(१९६०– ). बेने इस्रायली ज्यू समाजातील भारतीय-अमेरिकन चित्रकार. जन्म व बालपण मुंबईत. शाळा कॅथलिक आणि पारशी, घरचे आचार ज्यू, शेजार हिंदू-मुसलमानांचा. पुढे अमेरिकेत सदर्न इलिनॉय विद्यापीठातून चित्रकलेची आणि इलिनॉय विद्यापीठातून नाट्य-नेपथ्याची पदव्युत्तर पदवी. वास्तव्य न्यू जर्सीत.

त्यांच्या समाजाचे मूळ रायगडच्या किनाऱ्यावर आहे. परंपरा सांगते की, पूर्वजांचे गलबत अलिबागजवळ नवगावपाशी फुटले आणि सात जोडपी तेवढी वाचली. कोकणात ही मंडळी तेलाचे घाणे चालवत. शनिवारी घाणा बंद, म्हणून गावाने नाव ठेवले शनवार तेली. बोली मराठी, आडनावे पेणकर, रोहेकर, केहीमकर अशी गावांवरून. नवस बोलायचा तो एलियाहू हन्नाबीला, म्हणजे प्रेषित एलियाला. त्याच्या नावाने होणाऱ्या ‘मलिदा’ या विधीच्या ताटात भिजवलेले गोड पोहे, खोबऱ्याचा कीस आणि फळे. अठराव्या शतकापासून बरेच जण मुंबईला सरकले, १९४८नंतर बहुतेकांनी इस्राएल गाठले. अलिबाग, रेवदंडा आणि पेण येथे सिनेगॉग आहेत. प्रार्थनेला येणारी घरे मात्र थोडीच उरली.

बेंजामिन यांची ‘फाइंडिंग होम’ ही दीर्घ चित्रमालिका या पांगापांगीतून आली. माध्यम मुख्यतः गॉश, म्हणजे अपारदर्शक जलरंग, त्यावर सोन्याचा वर्ख. घडण लघुचित्रांची, पण त्यात हिंदी सिनेमाची पोस्टरे, बायझंटाइन मूर्तिचित्रे आणि अमेरिकी पॉप आर्टही बेधडक शिरतात. ‘तिक्कुन हा-ओलाम’ (जगाची डागडुजी) या चित्रातील स्त्रीला देवीसारखे अनेक हात आहेत, आणि त्या हातांचाच मेनोरा, म्हणजे ज्यू दीपवृक्ष, झाला आहे. ज्यू दंतकथेतली आदमची पहिली बायको ‘लिलिथ’ तर कॉमिकमधल्या नायिकेसारखी बोलफुग्यातून बोलते. या स्त्रिया बहुधा निळ्या कातडीच्या असतात. भारतीय प्रेक्षक लगेच कृष्णाचे नाव घेऊन मोकळा होतो. स्वतः चित्रकर्तीच्या लेखी हा रंग आकाशाचा आणि समुद्राचा, म्हणजे सगळीकडचा आणि कुठलाच नसलेला. गौरेतर ज्यू स्त्री म्हणून परदेशात वाट्याला आलेले वेगळेपणही त्यात आहे.

मालिकेतील काही चित्रांत चिन्हांची दाटी होते, हे मान्य करायला हवे. त्या मानाने फुलब्राइट शिष्यवृत्तीवर भारतात केलेले ‘फेसेस : वीव्हिंग इंडियन ज्यूइश नॅरेटिव्ह्ज’ हे काम अधिक भिडते. त्यात भारतीय ज्यूंच्या मुलाखती घेऊन त्यांची छायाचित्रे काढली आणि त्यांभोवती रंगकाम, नक्षी, त्यांच्या आयुष्यातल्या खुणा गुंफल्या. देवदूत आणि बायबलमधल्या नायिका इथे मागे सरतात. समोर येतात ती मुंबईच्या लोकलमध्ये शेजारी बसलेली वाटावीत अशी माणसे.

२०१५ मध्ये त्यांच्यावर ‘ब्लू लाइक मी’ हा माहितीपट निघाला. दुसऱ्या फुलब्राइट शिष्यवृत्तीवर त्या इस्राएलला गेल्या आणि तिथे स्थायिक झालेल्या भारतीय ज्यूंवर काम केले.