मायक्रोसेकंदांचा भूगोल

जमिनीवरच्या केंद्रांकडून येणाऱ्या रेडिओ संकेतांवरून जहाजाचे स्थान काढायला शिकणारा विद्यार्थी बहुधा घड्याळापासून सुरुवात करतो. रेडिओलहर एका मायक्रोसेकंदात सुमारे ३०० मीटर जाते. तेव्हा वेळ अचूक मोजली की स्थान अचूक मिळालेच, असा त्याचा हिशेब. पण प्रक्षेपण केंद्रांवर सीझियमची घड्याळे बसली, तरी नकाशावरचे स्थान शेकडो मीटरनी चुकतच राहिले. ही चूक येते कुठून, याचा शोध म्हणजे हा ग्रंथ.

त्यासाठी आम्ही लोरान-सी ही प्रणाली निवडली आहे. तिच्या साखळीत एक मुख्य केंद्र आणि काही दुय्यम केंद्रे असत, सगळी १०० किलोहर्ट्झवर. जहाजावरचा रिसीव्हर दोन केंद्रांच्या स्पंदांमधला कालफरक मोजी. एका फरकाने नकाशावर एक अपास्त मिळे, दुसऱ्याने दुसरा. ते छेदतील तिथे जहाज. आपल्याकडच्या मुंबई साखळीचे मनोरे मुंबईत नव्हते, गुजरातेत ध्रांगध्रा, वेरावळ आणि बिलिमोरा इथे होते.

या प्रणालीच्या स्पंदाची घडण मुद्दाम बारकाईने पाहावी. तो हळूहळू चढतो आणि शिखर गाठायला त्याला सुमारे ६५ मायक्रोसेकंद लागतात. पण शिखर मोजून उपयोग नाही. जमिनीलगत येणाऱ्या लहरीमागोमाग आयनांबरावरून परावर्तित झालेली लहर येते, कधी कधी अवघ्या ३५ मायक्रोसेकंदांनी, आणि रात्री लांबच्या अंतरावर तीच जास्त जोरकस असते. म्हणून रिसीव्हर तिसरे आवर्तन संपते तो ३० मायक्रोसेकंदांचा शून्यबिंदू धरतो: संकेत पुरेसा चढलेला, पण अजून न बिघडलेला. माझ्या मते ही निवड या क्षेत्रातली सर्वांत देखणी तडजोड आहे. तिची किंमतही आहे. गोंगाटात तिसऱ्याऐवजी चौथे आवर्तन धरले गेले, तर १० मायक्रोसेकंदांची, म्हणजे ३ किलोमीटरची चूक होते.

आवर्तन बरोबर धरले तरी चूक उरते, आणि ती जमिनीची असते. समुद्राच्या पाण्याची विद्युत संवाहकता कोरड्या जमिनीच्या हजारपटीहूनही अधिक असू शकते. जमिनीवरून आलेली लहर त्यामुळे रेंगाळते. लांबच्या वाटेवर हा उशीर काही मायक्रोसेकंदांचा होतो. किनारा ओलांडून पाण्यावर आल्यावर ती गमावलेल्यातले थोडे भरूनही काढते. अशा मिश्र वाटेचा हिशेब मिलिंग्टन यांनी १९४९ मध्ये मांडला. त्यांची पृथ्वी अर्थात गुळगुळीत होती. डोंगरांचे काय, हा प्रश्न पुढच्यांसाठी उरला.

पण हा उशीर बराचसा स्थिर असतो, आणि इथेच अचूकता या कल्पनेचे दोन तुकडे पडतात. लोरान-सीने नकाशावर मिळणाऱ्या स्थानाची अधिकृत हमी पाव सागरी मैलाची होती, म्हणजे सुमारे ४६० मीटर. आधी नोंदवलेल्या कालफरकांच्या आधारे त्याच जागी परतायचे असेल, तर मात्र चूक १८ ते ९० मीटरच राही. अमेरिकेतले शेवंडे पकडणारे मच्छीमार म्हणूनच अक्षांश-रेखांशांच्या भानगडीत फारसे पडत नसत. सापळा टाकला तिथले आकडे वहीत उतरवायचे आणि त्याच आकड्यांवर परत यायचे. नकाशा चुकीचा असला तरी त्यांचे काही अडत नसे.

हाच स्थिर उशीर सर्वेक्षणाने मोजून ठेवायचा आणि हवामानानुसार होणारे बदल बंदराजवळच्या संदर्भ केंद्रावरून कळवायचे, ही लोरानच्या सुधारित रूपाची, म्हणजे ई-लोरानची युक्ती. ब्रिटनच्या किनाऱ्यावरील चाचण्यांत तिने सुमारे १० मीटरपर्यंत मजल मारली. अमेरिकेने २०१० मध्ये लोरान-सी बंद केली खरी. पण उपग्रहांचे क्षीण संकेत सहज दडपता येतात हे दिसू लागल्यापासून जुन्या मनोऱ्यांकडे पुन्हा लक्ष वळले आहे.

गणिताची धास्ती असलेल्यांनी जमिनीलगतच्या लहरीविषयीच्या सोमरफेल्ड यांच्या समीकरणांचे प्रकरण पहिल्या वाचनात खुशाल ओलांडावे. मिलिंग्टन यांची रीत मात्र कागद-पेन्सिल घेऊन एकदा स्वतः करून पाहावी. त्यासाठी आपल्या ओळखीचा कुठलाही किनारा चालेल.