गोविंदराव टेंबे : पेटी, रंगभूमी आणि बोलपट

मराठी नाटकाच्या इतिहासात गोविंदराव टेंबे (१८८१-१९५५) यांचे नाव ‘मानापमान’पाशी येते, चित्रपटाच्या इतिहासात ‘अयोध्येचा राजा’पाशी येते, आणि संगीतविषयक वाङ्मयात ‘माझा संगीत व्यासंग’पाशी. तिन्ही ठिकाणी दोन-चार ओळींत त्यांची बोळवण होते. एकच माणूस तीन प्रकरणांत विभागला गेला की तो कोणत्याच प्रकरणाचा नायक राहत नाही. टेंबे यांची कारकीर्द सलग वाचली, तर मराठी संगीत रंगभूमीवरून पडद्यावर कसे गेले, हे मात्र स्पष्ट दिसते.

टेंबे मूळचे पेटीवादक. आमच्या नांदेड-लातूरकडे भजनी मंडळाला किंवा कीर्तनाला पेटी नसेल, तर चुकल्यासारखे वाटते. पण हे वाद्य युरोपातून आलेले. त्याचे स्वर पट्ट्यांत बांधलेले, त्यामुळे मींड त्यावर निघत नाही, हा शास्त्रकारांचा जुना आक्षेप. याच आक्षेपापायी १९४० मध्ये आकाशवाणीने पेटीवर बंदी घातली आणि ती सुमारे तीस वर्षे टिकली. अशा ‘उपऱ्या’ वाद्यावर टेंबे यांनी भास्करबुवा बखले यांच्यासारख्या गवयाची साथ केली. साथीदाराला गाणाऱ्याचा पुढचा विचार आधी ओळखावा लागतो आणि तरीही त्याच्या मागेच राहावे लागते. संगीतकार टेंबे घडले ते या शिस्तीतून, असे मला वाटते.

१९११ मध्ये किर्लोस्कर नाटक मंडळीने खाडिलकरांचे ‘मानापमान’ रंगभूमीवर आणले. त्यातील पदांच्या चाली टेंबे यांच्या होत्या आणि भामिनीच्या भूमिकेत बालगंधर्व होते. नाटककाराहून वेगळा असा चाली देणारा कलावंत या नाटकाने ठळकपणे पुढे आणला. ‘मानापमान’ वर्गात शिकवताना आपण संहितेची चर्चा करतो. परंतु पदांचे शब्द लोकांच्या ओठी राहिले यात चालींचा वाटा किती, हा प्रश्न क्वचितच विचारतो. पुढे १९१३ मध्ये गंधर्व नाटक मंडळी स्थापन झाली, तेव्हा बालगंधर्व आणि गणपतराव बोडस यांच्याबरोबर टेंबेही भागीदार होते.

१९३२ मध्ये प्रभात फिल्म कंपनीने कोल्हापुरात ‘अयोध्येचा राजा’ हा पहिला मराठी बोलपट काढला. व्ही. शांताराम यांच्या या चित्रपटाला संगीत टेंबे यांचे होते आणि दुर्गा खोटे यांच्या तारामतीसमोर हरिश्चंद्रही तेच होते. तेव्हा त्यांची पन्नाशी उलटली होती. पार्श्वगायनाची सोय अजून आलेली नव्हती. नटाने कॅमेऱ्यापुढे अभिनय करता करताच गायचे. म्हणजे गाणारा नट हवा, आणि तो रंगभूमीवरूनच मिळणार. टेंबे यांची निवड या गरजेतून समजते.

परंतु पडद्याने रंगभूमीचे एक मोठे दान हिरावून घेतले : ‘वन्स मोअर’. नाटकात पद रंगले की ते वाढते, दर प्रयोगाला बदलते. चित्रपटात ते एकदाच मुद्रित होते आणि तेवढेच उरते. बैठकीत मुरलेल्या संगीतकाराला हा बदल लहान नव्हता. ‘मायामच्छिंद्र’, ‘सिंहगड’ अशा काही चित्रपटांनंतर प्रभातचे संगीत केशवराव भोळे यांच्याकडे गेले. १९३४ च्या ‘अमृतमंथन’पासून भोळे यांनी चित्रपटसंगीताचा वेगळा विचार मांडला, तो प्रसंगाला धरून चालणारा. १९३७ च्या ‘कुंकू’त तर पार्श्वसंगीतच वगळले गेले.

म्हणून टेंबे मागे पडले, असे म्हणणे सोपे आहे. ते उंबरठ्यावर उभे होते, असे म्हणणे अधिक न्याय्य होईल. उंबरठा ओलांडणाऱ्यांना तो लक्षात राहत नाही, पण त्याच्यावाचून घराला दार नसते.

१९३९ मध्ये त्यांचे ‘माझा संगीत व्यासंग’ प्रसिद्ध झाले. साथीदाराचा कान लाभलेला माणूस गद्य लिहितो, तेव्हा दुसऱ्याचे गाणे त्यात कसे उतरते, हे या पुस्तकात पाहावे. मराठी गद्याच्या अभ्यासक्रमात त्याला जागा मिळाली, तर तीन प्रकरणांत विखुरलेले टेंबे आपल्या विद्यार्थ्यांना एकत्र भेटतील.