नियम कोणी ठरवायचे? नेमबाजीच्या व्हिडिओ गेममधील कस्टम सामन्यांचा इतिहास

प्रस्तावना

गल्लीत क्रिकेट सुरू होण्याआधी काही गोष्टी ठरवून घ्याव्या लागतात. एक टप्पा पडून झेल घेतला तर फलंदाज बाद की नाही? चेंडू समोरच्यांच्या अंगणात गेला तर चौकार की बाद? हे नियम कोणत्याही पुस्तकात नसतात. खेळणारेच ते ठरवतात आणि खेळणारेच ते पाळतात. अनेक खेळाडूंच्या नेमबाजीच्या व्हिडिओ गेममध्ये ज्याला 'कस्टम मॅच' किंवा 'कस्टम रूम' म्हणतात, तो असाच सामना असतो. त्यात नकाशा, वेळ, संघ, शस्त्रे आणि प्रवेशाचा पासवर्ड खेळाडूंनी आपापसांत ठरवलेला असतो.

या पाठात आपण अशा सामन्यांचा सुमारे तीस वर्षांचा प्रवास पाहणार आहोत. त्यासाठी प्रत्येक टप्प्यावर एकच प्रश्न विचारायचा आहे : सामना कोणाच्या यंत्रावर चालतो? नियम बदलण्याचा आणि सामना बंद करण्याचा अधिकार कोणाकडे होता, हे या प्रश्नाच्या उत्तरातून कळते.

१. डूम : सर्व्हरशिवायचा सामना

इड सॉफ्टवेअर या अमेरिकी कंपनीचा 'डूम' हा गेम १० डिसेंबर १९९३ रोजी प्रसिद्ध झाला. स्थानिक नेटवर्कवर जास्तीत जास्त चार जण एकत्र खेळू शकत. खेळाआधी एका छोट्या सेटअप प्रोग्राममध्ये खेळाडूंची संख्या, पातळी आणि काठिण्य निवडायचे. मिळून राक्षसांशी लढायचे की एकमेकांशी, हेही तिथेच ठरायचे. एकमेकांशी लढण्याच्या प्रकाराला 'डेथमॅच' हे नाव या गेमचे एक निर्माते जॉन रोमेरो यांनी दिले.

डूममध्ये मध्यवर्ती सर्व्हर नव्हता. प्रत्येक संगणक आपल्या खेळाडूची हालचाल इतर सर्वांना कळवायचा आणि सर्वांची माहिती आल्यावरच खेळ पुढे सरकायचा. त्यामुळे एकाचा संगणक मंद असेल तर सगळेच अडकत, आणि सामना सुरू झाल्यावर नव्याने कोणाला सामील होता येत नसे.

पहिल्या आवृत्तीत आणखी एक दोष होता. तिचे संदेश नेटवर्कवरील सर्वच संगणकांकडे जात, त्यामुळे कार्यालयांची आणि विद्यापीठांची नेटवर्क तुंबली. काही ठिकाणी गेमवर बंदी आली. पुढच्या आवृत्त्यांमध्ये हा दोष दूर झाला. पण सामना आपला असला तरी तार दुसऱ्याची असते, हे खेळाडूंच्या तेव्हाच लक्षात आले.

२. क्वेक : सर्व्हर खेळाडूंच्या हाती

याच कंपनीचा 'क्वेक' जून १९९६ मध्ये आला आणि रचना बदलली. आता एक संगणक सर्व्हर झाला. सामन्याची खरी स्थिती त्याच्याकडे असे आणि बाकीचे संगणक त्याला जोडले जात. त्यामुळे चालू सामन्यातही सामील होता येऊ लागले. त्याच वर्षी डिसेंबरमध्ये आलेल्या 'क्वेकवर्ल्ड'ने खेळाडूच्या हालचालीचा अंदाज त्याच्याच संगणकावर आधी दाखवण्याची सोय केली. टेलिफोनच्या तारेवरील संथ इंटरनेटवरही खेळणे त्यामुळे सुसह्य झाले.

सर्व्हर चालवण्याचा प्रोग्राम कंपनीने खेळाडूंनाच दिला होता, ही इतिहासाच्या दृष्टीने सर्वांत महत्त्वाची गोष्ट. जो सर्व्हर चालवी, तो वेळेची आणि गुणांची मर्यादा ठरवी. संघ पाडायचे की नाही हे तोच ठरवी. गुरुत्वाकर्षणाचा आकडासुद्धा त्याला बदलता येई. मूळ मूल्य ८०० असे. ते कमी केले की खेळाडू चंद्रावर असल्यासारखे उंच उडत. शिवाय गेमची स्वतंत्र प्रोग्रामिंग भाषा खुली होती. तिच्या आधारे खेळाडूंनी झेंडा पळवण्याचा खेळ आणि 'टीम फोर्ट्रेस' यांसारखे नवे प्रकार तयार केले.

१९९७ मध्ये 'रेड अ‍ॅनिहिलेशन' ही क्वेकची स्पर्धा झाली. 'थ्रेश' या नावाने खेळणारा डेनिस फाँग ती जिंकला. बक्षीस होते गेमचे प्रमुख प्रोग्रामर जॉन कारमॅक यांची स्वतःची फेरारी मोटार.

३. काउंटर-स्ट्राइक : अलिखित नियमांची परंपरा

१९९९ मध्ये मिन्ह ले आणि जेस क्लिफ यांनी 'हाफ-लाइफ' या गेममध्ये फेरफार करून 'काउंटर-स्ट्राइक' बनवला. पुढे व्हॉल्व्ह कंपनीने तो आपल्याकडे घेतला आणि २००० मध्ये स्वतंत्रपणे बाजारात आणला.

या गेमचा सामना कसा मांडला जाई ते पाहू. सर्व्हरच्या मालकाकडे एक साधी मजकुराची फाइल असे. तिच्यात फेरीचा वेळ, सुरुवातीचे पैसे आणि पासवर्ड लिहिलेला असे. आपल्याच साथीदाराला गोळी लागली तर इजा व्हावी की नाही, हेही तिथेच ठरे. दोन्ही संघ जमले की आधी फक्त चाकूने एक फेरी खेळायची. जिंकणारा संघ बाजू निवडायचा. मग सर्व्हरवर 'रीस्टार्ट'ची आज्ञा सलग तीनदा द्यायची. तिसऱ्या वेळेनंतर सामना खरा. चाकूची फेरी आणि तीन रीस्टार्ट हे दोन्ही संकेत खेळाडूंनी रूढ केले होते.

भारतातील अनेक तरुणांना या गेमची ओळख शहरातल्या सायबर कॅफेत झाली. तासाच्या भाड्याने संगणक घ्यायचा, एकाने सर्व्हर सुरू करायचा आणि बाकीच्यांनी स्थानिक नेटवर्कच्या यादीत तो शोधायचा. त्यासाठी इंटरनेट चालू असण्याचीही गरज नव्हती.

४. मॅचमेकिंग : सोय आली, अधिकार गेला

नोव्हेंबर २००४ मध्ये एक्सबॉक्सवर 'हेलो २' आला. सर्व्हर शोधण्याऐवजी खेळाडूने फक्त खेळाचा प्रकार निवडायचा. साधारण सारख्या कौशल्याचे प्रतिस्पर्धी कंपनीची यंत्रणा शोधून देई. नवख्या खेळाडूंसाठी ही मोठी सोय होती. कस्टम सामन्यांचा पर्यायही कायम राहिला आणि त्यात खेळाडूंनी 'झॉम्बी' हा प्रकार रुजवला. मारला गेलेला खेळाडू स्वतःहून झॉम्बींच्या संघात जाई. गेममध्ये तशी सक्ती नव्हती, सारा मामला विश्वासाचा होता. २००७ च्या 'हेलो ३'मध्ये निर्मात्यांनी हाच प्रकार अधिकृत केला. खेळाडूंनी घडवलेला संकेत पुढे नियम कसा होतो, याचे हे उत्तम उदाहरण आहे.

मात्र २००९ मध्ये 'कॉल ऑफ ड्यूटी : मॉडर्न वॉरफेअर २'च्या संगणक आवृत्तीतून खेळाडूंनी स्वतःचे सर्व्हर चालवण्याची सोयच काढून टाकण्यात आली. लाखाहून अधिक खेळाडूंनी निषेधाच्या ऑनलाइन अर्जावर नावे नोंदवली, तरी निर्णय बदलला नाही.

पुढच्याच वर्षी, १५ एप्रिल २०१० रोजी, पहिल्या एक्सबॉक्सची ऑनलाइन सेवा बंद झाली. हेलो २ चे मोजके खेळाडू आपले यंत्र बंद न करता कित्येक दिवस जोडलेले राहिले. शेवटचा खेळाडू मे महिन्यात बाहेर फेकला गेला. तारेने जोडलेल्या यंत्रांवरचे सामने मात्र त्यानंतरही खेळता येत होते.

५. भारत : मोबाइलवरील रूम

२०१६ नंतर मोबाइल इंटरनेट स्वस्त झाले आणि २०१८ मध्ये 'पबजी मोबाइल' आला. सायबर कॅफेतला खेळ खिशात आला. कस्टम रूम उघडण्यासाठी गेममधील 'रूम कार्ड' लागे. रूमचा क्रमांक आणि पासवर्ड मित्रांना पाठवायचा, नकाशा आणि संघाचा आकार निवडायचा, की सामना तयार. शंभर जणांचा सामना लहान गावातूनही भरवता येऊ लागला. पण सर्व्हर कंपनीचा, रूमही तिचीच आणि रूम उघडण्याची परवानगीही तिच्याकडेच.

२ सप्टेंबर २०२० रोजी केंद्र सरकारने ११८ अ‍ॅपवर बंदी घातली. त्यात पबजी मोबाइल होता. ऑक्टोबरअखेर भारतीय खेळाडूंसाठी त्याचे सर्व्हर बंद झाले. जुलै २०२१ मध्ये 'बॅटलग्राउंड्स मोबाइल इंडिया' आला, जुलै २०२२ मध्ये अ‍ॅप स्टोअरवरून हटला आणि मे २०२३ मध्ये परतला. बंदी योग्य की अयोग्य, हा वेगळा विषय आहे. आपल्या दृष्टीने फरक एवढाच, की सायबर कॅफेतला काउंटर-स्ट्राइक दुरून कोणाला बंद करता आला नसता.

समारोप

डूमचा सोर्स कोड १९९७ मध्ये आणि क्वेकचा १९९९ मध्ये खुला झाला. म्हणून ते सामने आजही मांडता येतात. २०१४ मध्ये गेमस्पाय ही सेवा बंद पडली आणि अनेक जुन्या गेमच्या सर्व्हरच्या याद्या गेल्या. 'बॅटलफिल्ड १९४२'सारख्या ज्या गेमचे सर्व्हर खेळाडूंकडे होते, त्यांनी पर्यायी यादी उभारून सामने चालू ठेवले. जिथे सर्व्हर केवळ कंपनीकडे असतो, तिथे तो बंद झाला की चित्रफिती आणि आठवणी तेवढ्या उरतात. इतिहासाच्या विद्यार्थ्याला मूळ साधन तपासता येत नाही.

मॅचमेकिंगमुळे खेळ लाखो लोकांपर्यंत पोचला, फसवणुकीवर नियंत्रण ठेवणेही सोपे झाले. हे नाकारता येणार नाही. पण नियम ठरवणे, ते पाळणे आणि खेळ जपणे ही कामे त्याआधी खेळाडू स्वतः करत होते. गल्लीतल्या क्रिकेटची बॅट कोणाचीही असो, मैदान सर्वांचे असते. इथे मैदानालाच मालक मिळाला.

विचारासाठी प्रश्न

१. डूम आणि क्वेक यांच्या नेटवर्क रचनेतील फरक सांगा. त्याचा खेळाडूंच्या अधिकारावर काय परिणाम झाला?
२. 'झॉम्बी' आणि 'चाकूची फेरी' या उदाहरणांच्या आधारे संकेत आणि नियम यांतील नाते स्पष्ट करा.
३. तुमच्या परिसरात सायबर कॅफेत खेळलेल्या दोन व्यक्तींशी बोला. सामना कसा मांडला जाई आणि वाद कसे मिटत, याची मौखिक नोंद तयार करा.