अक्षर पोचलं का? आराखडा, फॉन्ट आणि नेटच्या वेगाची गोष्ट

गावात पाण्याची टाकी व्हायची असो, अंगणवाडीची खोली असो की कुणाचं घरकुल, त्याचा आराखडा आता मोबाईलवर येतो. उघडून बघावं तर रेघा नीट दिसतात, पण मराठी अक्षरांच्या जागी नुसते चौकोन किंवा प्रश्नचिन्हं. कुणीतरी लगेच म्हणतं, "नेट स्लो आहे." सही मात्र आजच हवी असते. ही अक्षरं का हरवतात, याला दोनशे वर्षांचा इतिहास आहे. तो आज सांगायचं आम्ही ठरवलं, कारण जे वाचता येत नाही त्यावर सही करणं आपल्याला परवडणारं नाही.

आधी जुन्या छापखान्यात जाऊ. १८०५ साली बंगालमधल्या श्रीरामपूरला विल्यम केरी यांचं मराठी व्याकरण छापलं गेलं. त्यातली देवनागरी अक्षरं धातूच्या खिळ्यांनी उमटली होती. पुढे १८६९ मध्ये जावजी दादाजींनी मुंबईत निर्णयसागर छापखाना काढला आणि तिथला सुबक टाईप नावाजला गेला. इंग्रजीचं काम थोड्या खिळ्यांत भागे. आपल्याकडे काना, मात्रा, वेलांट्या, रफार आणि वर जोडाक्षरं. त्यामुळे खिळे जुळवणाऱ्यापुढे शेकडो खिळ्यांचे खण असत. काम किचकट होतं, पण एक गोष्ट पक्की होती. छापलेलं अक्षर कागदाला चिकटून राही. कागद मुंबईहून गडचिरोलीला गेला, तरी 'क' चा 'क'च राहणार.

आराखड्यांचंही तसंच होतं. १८४२ मध्ये इंग्लंडात जॉन हर्शेल यांनी निळ्या छपाईची रीत शोधली. 'ब्ल्यूप्रिंट' हा शब्द त्या निळ्या रंगावरून आला. आरेखक पातळ, आरपार दिसणाऱ्या कागदावर शाईने रेघा मारत, अक्षरं हाताने किंवा साचा ठेवून लिहीत, आणि त्यावरून प्रती काढल्या जात. रेघ आणि अक्षर एकाच कागदावर असल्यामुळे दोघं बरोबरच प्रवास करत.

कॉम्प्युटरने ही जोडी फोडली. डिसेंबर १९८२ मध्ये अमेरिकेत ऑटोकॅड नावाचा आराखडे काढायचा प्रोग्रॅम बाजारात आला. त्या काळी मोठे आराखडे प्लॉटर नावाचं यंत्र खरोखरच्या पेनाने काढी. म्हणून अक्षरंही बारीक रेघांची केली गेली, ठिपके जोडून रांगोळी काढावी तशी. पण हे अक्षरसंच, म्हणजे फॉन्ट, मुळात इंग्रजीसाठी घडलेले होते. दुसरी गोष्ट त्याहून महत्त्वाची. आराखड्याच्या फाईलमध्ये अक्षराचा आकार नसतो. तिथे फक्त निरोप असतो, की या जागी अमुक अक्षर अमुक फॉन्टमध्ये लिही. फॉन्ट पाठवणाऱ्याच्या मशीनवरच राहतो. लग्नघरी रुखवताची यादी पोचावी आणि रुखवत मागेच राहावं, तसं हे झालं. समोरच्या मशीनवर तो फॉन्ट नसेल, तर प्रोग्रॅम दुसराच फॉन्ट लावतो. त्या दुसऱ्यात मराठी नसेल, तर चौकोन किंवा प्रश्नचिन्हं उमटतात.

मराठीची अडचण आणखी खोल होती. कॉम्प्युटर प्रत्येक अक्षराला एक नंबर देतो. बरीच वर्षं मराठी फॉन्ट इंग्रजी अक्षरांच्या नंबरांवर मराठी आकार बसवून चालत. फॉन्ट असेल तर मराठी दिसे, नसेल तर इंग्रजी अक्षरांची खिचडी. शिवाय प्रत्येक कंपनीची मांडणी वेगळी. १९९१ साली भारत सरकारने इस्की ही नंबरांची पद्धत प्रमाण मानली. त्याच वर्षी जगासाठी युनिकोडची पहिली आवृत्ती आली आणि तिच्यात देवनागरीला १२८ जागांचा खण मिळाला. आता 'क' चा नंबर २३२५. मुंबईत, नेपाळात, अमेरिकेत, कुठेही तोच. पुढे विंडोज २००० मध्ये 'मंगल' हा देवनागरी फॉन्ट आला. तो घडवला र. कृ. जोशी यांनी. ते मराठी कवी आणि सुलेखनकार होते. खिळ्यांच्या खणापासून सुरू झालेली वाट अशी आपल्या मोबाईलपर्यंत आली.

मग नेटचा दोष किती? १५ ऑगस्ट १९९५ ला भारतात सर्वसामान्यांसाठी इंटरनेट सुरू झालं, तेही फोनच्या तारेवरून. २००४ च्या सरकारी धोरणात सेकंदाला किमान २५६ किलोबिट वेग असेल तरच ब्रॉडबँड म्हणायचं ठरलं. २०१३ मध्ये ती मर्यादा ५१२ झाली आणि २०२३ मध्ये २ मेगाबिट. इथे एक हिशेब ध्यानात ठेवा. वेग मोजतात बिटमध्ये, फाईल मोजतात बाइटमध्ये, आणि ८ बिटांचा एक बाइट होतो. म्हणजे ८ मेगाबाइटचा आराखडा ६४ मेगाबिटांचा झाला. तो २५६ किलोबिटच्या वेगाने यायला चार मिनिटांवर वेळ लागतो, आणि २ मेगाबिटच्या वेगाने साधारण ३२ सेकंद.

वेग तपासणं सोपं आहे. ट्रायचं मायस्पीड हे अॅप २०१६ पासून आहे. तपासताना मशीन काही सेकंद माहिती आणतं आणि पाठवतं, आणि किती बिट गेले-आले ते मोजतं. डाउनलोड म्हणजे येण्याचा वेग, अपलोड म्हणजे पाठवण्याचा. विहिरीत हाक मारून प्रतिध्वनी किती वेळाने येतो ते बघावं, तशी आणखी एक मोजणी असते. तिला पिंग म्हणतात. मोजताना बाकीचे व्हिडिओ बंद ठेवा, सकाळी एकदा आणि संध्याकाळी एकदा मोजा, आकडे वहीत लिहा.

मात्र एवढं पक्कं समजून घ्या. नेट हळू असेल तर फाईल उशिरा येते. अर्धवट आली तर बहुधा उघडतच नाही. उघडली, रेघा सगळ्या दिसल्या आणि अक्षरांचेच चौकोन झाले, तर तिथे फॉन्टची अडचण आहे. वेग कितीही वाढवा, ती सुटणार नाही.

तिच्यावर उपाय आहे, आणि तो पाठवणाऱ्याच्या हातात आहे. त्याने मराठी मजकूर युनिकोड फॉन्टमध्ये लिहावा, आणि आपल्याला आराखडा पीडीएफ करून पाठवावा. १९९३ मध्ये आलेल्या या पीडीएफमध्ये फॉन्ट फाईलच्या आत बसवता येतो. यादीबरोबर रुखवतही पोचतं. तरीही तीन गोष्टी स्वतः बघा. मोजमापाचा आकडा दुसऱ्या अक्षराखाली दबला नाही ना? व्यासाची खूण जागेवर आहे ना, की तिथे प्रश्नचिन्ह आलं? आणि कोणती खोली, कोणता पाइप, ते मराठीत वाचता येतं ना?

गटाच्या पुढच्या बैठकीत एखादा आराखडा मोबाईलवर उघडा आणि सगळ्यांनी मिळून मोठ्याने वाचा. जिथे अडेल तिथे खूण करा आणि ग्रामसेवकांकडे किंवा इंजिनिअरांकडे वाचता येणारी प्रत मागा. ती मागणं हा आपला हक्क आहे. सही करायची ती वाचून झाल्यावरच.