अजिंठ्याची भित्तिचित्रे

अजिंठ्याची भित्तिचित्रे ही महाराष्ट्रातील छत्रपती संभाजीनगर जिल्ह्यात, वाघूर नदीच्या घळीत खोदलेल्या बौद्ध लेण्यांच्या भिंती, स्तंभ व छते यांवरील चित्रे होत. क्रमांक ९ व १० या चैत्यगृहांतील सर्वांत जुनी चित्रे इसवी सनापूर्वीची मानली जातात. लेणी १, २, १६ आणि १७ मधील चित्रे इ.स.च्या ५व्या शतकातील, वाकाटक राजा हरिषेण याच्या काळातील आहेत.

स्थापत्य आणि उपासना

ही चित्रे सुट्या कलाकृती म्हणून पाहिल्यास त्यांचा अर्थ निम्माच हाती लागतो. ५व्या शतकातील विहार हा केवळ भिक्षूंचा निवास नव्हता. त्याच्या मागील भिंतीत गर्भगृह खोदून बुद्धमूर्ती कोरली जाई, आणि चित्रांची योजना या मूर्तीकडे नेणाऱ्या वाटेला धरून असे. लेणे १७ मध्ये ओसरीत भवचक्र आहे. आत मंडपाच्या भिंतींवर विश्वंतर, षड्दंत इत्यादी जातककथा, म्हणजे बुद्धाच्या पूर्वजन्मांतील त्यागाचे प्रसंग आहेत. लेणे १ मधील पद्मपाणि छायाचित्रांत नेहमी एकटा दिसतो. प्रत्यक्षात तो गर्भगृहाच्या वाटेच्या एका बाजूस असून दुसऱ्या बाजूस तसाच भव्य बोधिसत्त्व आहे. मंडपात उजेड बेताचाच येत असल्याने ही चित्रे दिव्याच्या प्रकाशात, तुकड्यातुकड्याने पाहिली जात असावीत.

चित्र काढविणे हेही पुण्यकर्म होते. लेणे १० च्या स्तंभांवर जुन्या चित्रांशी संबंध नसलेल्या अनेक बुद्धाकृती नंतर रंगविल्या गेल्या. काहींजवळ दात्यांचे लेख आहेत. लेणे १७ हरिषेणाच्या एका मांडलिकाने खोदविले. धाकट्या भावाच्या मृत्यूच्या शोकातून तो दानधर्माकडे वळल्याचे तेथील शिलालेखावरून कळते.

तंत्र

खडकावर माती, भुसा व वनस्पतींचे तंतू यांचा गिलावा, त्यावर चुन्याचा पातळ हात आणि तो वाळल्यावर रंग, अशी पद्धत होती. त्यामुळे ओल्या चुन्यावरील ‘फ्रेस्को’ हे नाव या चित्रांना काटेकोरपणे लागू पडत नाही. गेरू, पिवळी माती, काजळी असे बहुतेक रंग साधे. निळ्यासाठी मात्र लाजवर्द वापरला आहे.

हानी

२८ एप्रिल १८१९ रोजी लेण्यांत आलेल्या जॉन स्मिथ या इंग्रज अधिकाऱ्याने लेणे १० मधील चित्रावरच आपले नाव कोरले. रॉबर्ट गिल यांनी अनेक वर्षे खपून केलेल्या बहुतेक प्रतिकृती १८६६ मध्ये लंडनच्या क्रिस्टल पॅलेसच्या आगीत जळाल्या. निजामाच्या राजवटीत, १९२०च्या सुमारास, इटालियन तज्ज्ञांनी सुटत चाललेला गिलावा सावरला. त्या वेळी लावलेले लाखेचे रोगण पुढे पिवळे पडून मूळ रंग झाकोळले. भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाने हा थर काही भागांतून काढल्यावर त्याखालचे रंग पुन्हा दिसू लागले.